मॉरिशसची चूल आणि मजुराचा शिधा



कामगार चळवळीत आयुष्य घालवलेला माणूस वसंत व्याख्यानमालेत उभा राहिला, म्हणजे तो बोनस, महागाई भत्ता नाहीतर कामगार कायदे यांवर बोलणार, अशी श्रोत्यांची समजूत असते. आज मी मॉरिशस बेटावरच्या स्वयंपाकाविषयी बोलणार आहे. विषय बदलला असे मात्र मला वाटत नाही. मजुरी कशासाठी मागायची, तर चार घास सुखाचे मिळावेत म्हणून. तेव्हा मजुराच्या ताटात काय पडले, ते कोणी दिले, कोणी शिजवले आणि त्याची किंमत कोणी मोजली, हा प्रश्न आमच्या चळवळीच्या गाभ्यातलाच आहे.

माझे शालेय शिक्षण बेताचे. जे काही वाचले ते युनियनच्या कचेरीत, रात्रीच्या वेळी. त्या वाचनात मॉरिशसच्या ऊसमळ्यांचा इतिहास मी वाचला होता. पुढे त्या बेटावर जाण्याचा योग आला, तेव्हा पश्चिमेकडच्या एका गावात, चार-पाच पिढ्यांपूर्वी कोकणातून गेलेल्या एका कुटुंबात मी उतरलो. त्या घरच्या आजींचे वय पंचाहत्तरीच्या पुढचे. त्यांची रोजची भाषा क्रिओल; मराठी उरली आहे ती आरत्यांत आणि नात्यांच्या शब्दांत. नात शाळेत मराठी शिकलेली, ती आमच्या दोघांमध्ये दुभाषी झाली. 'आजी, मला तुमचा स्वयंपाक शिकवा,' असे मी म्हणालो, तेव्हा त्या हसल्या आणि म्हणाल्या, 'भाऊ, आधी पाटा धुऊन आणा.' पुढचे दोन आठवडे मी रोज सकाळी त्यांच्या हाताखाली होतो. पुस्तकांत वाचलेला इतिहास तिथे मला पुन्हा भेटला. या वेळी तो वाटला जात होता, मळला जात होता आणि फोडणीत पडत होता. माझ्या आजच्या बोलण्याचे सार एवढेच आहे की, ज्याला आपण एखाद्या बेटाचा 'पारंपरिक स्वयंपाक' म्हणतो, तो तिथल्या मजुरांनी मिळालेल्या शिध्यातून घडवलेली वस्तू असते, आणि त्या घडणीचा हिशेब मागितल्याशिवाय त्या चवीला 'परंपरा' म्हणून मोकळे होणे बरे नव्हे.

प्रथम या बेटाची हकीकत थोडक्यात सांगतो. मॉरिशस हिंदी महासागरात, आफ्रिकेच्या आग्नेय किनाऱ्यापासून सुमारे दोन हजार किलोमीटरवर आहे. या बेटाला मूळचे रहिवासी नाहीत, ही गोष्ट आपल्या विषयाच्या दृष्टीने फार महत्त्वाची आहे. अरब खलाशांना ते ठाऊक होते, पोर्तुगीजांनी पाहिले होते. पण वस्ती कोणाचीच नव्हती. डचांनी १५९८ मध्ये तिथे पाय ठेवला, १६३८ मध्ये वसाहत केली आणि १७१० मध्ये ती सोडून दिली. जाताना त्यांनी मागे ठेवले ते जावा बेटावरून आणलेला ऊस आणि हरणे, आणि नेला तो डोडो पक्षी, म्हणजे कायमचा नाहीसा केला. १७१५ मध्ये फ्रेंचांनी बेट घेतले, १८१० मध्ये इंग्रजांनी ते जिंकले आणि १२ मार्च १९६८ रोजी ते स्वतंत्र झाले.

बेट निर्जन असल्यामुळे तिथे 'देशी' असे अन्न जवळजवळ नव्हतेच. तांदूळ बाहेरचा, डाळ बाहेरची, गहू बाहेरचा, मिरची आणि टोमॅटो अमेरिकेचे, आणि हे सारे शिजवणारी माणसेही बाहेरची. तीही आपखुशीने आलेली फार थोडी. फ्रेंच अमलात मादागास्कर आणि मोझांबिककडून हजारो गुलाम आणले गेले. पाँडिचेरीकडून काही कारागीरही आणले गेले, आणि आज तिथल्या क्रिओल भाषेत कोथिंबिरीला 'कोतोमिली', कढीपत्त्याला 'कारीपुले' आणि शेवग्याला 'मुरुम' म्हणतात, ते तमिळ शब्द तमिळ मुलखातून आलेल्या अशाच माणसांनी त्या बेटावर नेले. १७३५ मध्ये आलेला गव्हर्नर लाबुर्दोने याने गुलामांच्या पोटासाठी ब्राझीलमधून मॅनिऑक हे कंद आणवले. आपण त्यालाच टॅपिओका किंवा साबुकंद म्हणतो. याच्या कच्च्या रसात विष असते, म्हणून ते किसून, पिळून, भाजून खावे लागते. १७६८ ते १७७० या काळात बेटावर राहिलेला फ्रेंच लेखक बर्नार्दिन द सँ-पिएर याने गुलामांच्या जेवणाचे वर्णन करून ठेवले आहे : भरडून उकडलेला मका, नाहीतर मॅनिऑकची भाकरी. त्या बेटाच्या स्वयंपाकाचा पहिला धडा हा असा, विष पिळून काढण्याचा होता.

इंग्रजी अमलात १८२५ मध्ये मॉरिशसच्या साखरेवरची जकात वेस्ट इंडीजच्या साखरेइतकी खाली आणली गेली आणि बेटभर ऊस पसरला. १ फेब्रुवारी १८३५ रोजी गुलामगिरी रद्द झाली. साठ हजारांहून अधिक माणसे कायद्याने मुक्त झाली. पण नुकसानभरपाई मिळाली ती मालकांना, वीस लाख पौंडांहून अधिक. ज्यांच्या पिढ्या राबल्या त्यांना मात्र आणखी चार वर्षे 'उमेदवारी'च्या नावाखाली त्याच मालकाकडे राबावे लागले. मालकांना नवे हात हवे होते. ते त्यांनी हिंदुस्थानात शोधले.

२ नोव्हेंबर १८३४ रोजी 'ॲटलस' नावाचे जहाज कलकत्त्याहून छत्तीस मजूर घेऊन पोर्ट लुईला पोचले. कागदांत त्यांचा उल्लेख 'धांगर' असा येतो. आपल्याकडच्या धनगरांशी त्यांचा संबंध नाही. ते छोटा नागपूरच्या डोंगरातले आदिवासी होते. करार पाच वर्षांचा, पगार महिना पाच रुपये, शिवाय अन्न आणि वस्त्र. तिथून विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत सुमारे साडेचार लाख माणसे या बंदरात उतरली. बहुतेक कलकत्त्याहून, म्हणजे बिहार आणि पूर्व उत्तर प्रदेशातून, त्याखालोखाल मद्रासहून, आणि मुंबई बंदरातून गेलेली आपली माणसे, रत्नागिरी आणि आसपासच्या मुलखातली. १८६१ च्या शिरगणतीत बेटाच्या लोकसंख्येत साठ टक्क्यांहून अधिक हिंदी लोक होते. पोर्ट लुईच्या ज्या धक्क्यावर ही माणसे उतरली, त्याला आज 'आप्रवासी घाट' म्हणतात. युनेस्कोने २००६ मध्ये त्याला जागतिक वारशाचा दर्जा दिला. तिथे दगडी पायऱ्या आहेत, मजुरांना ठेवण्याच्या पडव्या आहेत, इस्पितळ आहे आणि स्वयंपाकघरांचे अवशेषही आहेत.

मोका गावी महात्मा गांधी संस्थेत या माणसांची रजिस्टरे जपून ठेवली आहेत. नाव, बापाचे नाव, गाव, जात, उंची, अंगावरच्या खुणा, आणि पुढच्या काळात छायाचित्रसुद्धा. सरकारने माणसाच्या कपाळावरचा व्रणही नोंदवला. पण त्या माणसाला कोणती भाजी करता येत होती, हे कोणी विचारले नाही. ती नोंद चुलीपाशी राहिली.

आता शिध्याकडे वळू. करारात पगाराइतकेच ठळक कलम शिध्याचे असे : तांदूळ, डाळ, मीठ, थोडे तेल आणि कधी खारवलेली मासळी. वरवर पाहता ही मालकाची सोय वाटते, मजुरावरचे उपकारही वाटतात. पण मजुरीचा एक भाग धान्याच्या रूपाने दिला, म्हणजे पैसा मालकाच्या पेटीत राहतो आणि मजुराचे पोट मालकाच्या कोठाराला बांधले जाते. त्यातच 'दुहेरी कपात' नावाची रीत होती. एक दिवस कामावर आले नाही, तर दोन दिवसांची मजुरी कापायची. आजारी पडलेला मजूर महिनाअखेर देणेकरी निघत असे. ही रीत विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत टिकली. करार संपलेल्या माणसाच्या मागे १८६७ च्या कायद्याने पासाचा ससेमिरा लावला. छायाचित्र लावलेला पास खिशात नसेल, तर भटक्या म्हणून अटक. १८७१ मध्ये आदोल्फ द प्लेवित्झ या युरोपीय गृहस्थाने मजुरांच्या सह्यांचा अर्ज गव्हर्नरकडे नेला, त्यातून शाही चौकशी आयोग नेमला गेला आणि त्याच्या १८७५ च्या अहवालाने हे प्रकार उजेडात आले.

करारातून सुटलेला मजूर शिध्यातून सुटला तो दुकानाच्या वहीत अडकला. धान्याची घाऊक आयात बव्हंशी गुजराती मुसलमान व्यापाऱ्यांकडे आणि किरकोळ दुकान चिनी माणसाचे, अशी तिथली घडी होती. चिनी दुकानात उधारीची छोटी वही असे, तिला 'कार्ने' म्हणत. तांदूळ, डाळ, तेल, खारी मासळी रोज लिहून न्यायची आणि पगार झाला, ऊसतोडीचा हंगाम आला, की फेडायची. दुकानदारही मजुराच्या शेजारीच राहणारा, पुष्कळदा त्याच्याइतकाच अडचणीतला. त्या वहीने माणसे अडकली हे खरे, आणि तिच्यामुळेच ती जगली हेही खरे.

आपल्या गिरणगावच्या खानावळी ज्यांनी पाहिल्या, त्यांना हे निराळे सांगायला नको. त्याच रत्नागिरीतून निघालेला एक भाऊ मॉरिशसच्या मळ्यात गेला असेल, तर दुसऱ्याचे वंशज परळ-लालबागला गिरणीत आले. इथेही खानावळ चालवणाऱ्या बायांनी महिनाभर उधारीवर जेवू घातले, संपाच्या काळात तर पैसे केव्हा मिळतील याची खात्री नसताना चूल पेटती ठेवली. अशाच बायांना घेऊन प्रेमाताई पुरव यांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ उभे केले. संप पुढारी करतात असे वर्तमानपत्रे लिहितात. संप किती दिवस टिकेल हे मात्र चूल ठरवते, हे आमच्या चळवळीला ठाऊक आहे.

मिळालेल्या शिध्याचे मॉरिशसच्या बायांनी काय केले, ते आता पाहू. शिध्यात भाजी नव्हती. म्हणून ओढ्याकाठचे, बांधावरचे, घरामागचे हिरवे ते सगळे भांड्यात आले. पालेभाजीला तिथे 'ब्रेद' म्हणतात. शेवग्याचा पाला म्हणजे ब्रेद मुरुम, अळू म्हणजे ब्रेद सोंज. कांदा, लसूण, थोडे आले आणि भरपूर पाणी घालून त्याचा पातळ रस्सा करतात आणि भातावर ओततात. साधी वस्तू आहे. पण नुसत्या भात-डाळीवर राबणाऱ्या माणसाचे अंग याच रश्श्याने सावरले. आजींच्या अंगणातही शेवगा होता. पाला मी एकेक करून खुडू लागलो, तेव्हा त्यांनी डहाळी उलटी धरून एका ओढीत सगळा पाला उतरवला. घाईच्या घरात शिकलेला हात होता तो.

मसाला वाटण्याचा दगड तिथे 'रॉस कारी', म्हणजे कालवणाचा दगड, या नावाने ओळखला जातो. तो आपला पाटाच. आणि वरवंट्याला म्हणतात 'बाबा'. क्रिओल भाषेत बाबा म्हणजे तान्हे मूल. हा शब्द ऐकून मी चकित झालो, कारण आपल्याकडे बारशाला पाळण्यात आधी वरवंटा घालतात, त्याला कुंची घालून बाळाप्रमाणे हातोहात देतात. हे नाव तिथे कोणामुळे रूढ झाले, ते मला सांगता येणार नाही. तान्ह्या मुलासारखा दिसणारा, सतत हातात असणारा तो दगड कोणत्याही मुलखातल्या बाईला बाळासारखा वाटावा, यात नवल नाही. पण मी तो उचलला तेव्हा परक्या घरात आहे असे मला वाटले नाही, एवढे खरे. धने, जिरे, हळकुंड, मिरची, कढीपत्ता पाण्याच्या हबक्यावर वाटायचे, तेही रात्री. 'रात्रीच का?' असे मी विचारले. आजी म्हणाल्या, त्यांची आई पहाटे अंधारात उसाला जायची. सकाळी वाटायला वेळ कुठला? आता घरात कोणी उसाला जात नाही, तरी वाटण रात्रीच होते. परंपरा म्हणतात ती ही. कामाच्या वेळापत्रकाने घातलेली सवय काम सुटल्यावरही हातात राहते.

आता दाल पुरी. ही आज मॉरिशसची ओळख झाली आहे. रस्त्यावर गाडीपाशी उभे राहून मंत्र्यापासून हमालापर्यंत सगळे ती खातात, आणि ती नेहमी जोडीने मिळते. एक पुरी कोणी मागत नाही, देतही नाही. मूळ बिहारचे. पण आपल्या बायकांनी ती करताना पाहिली, तर त्या लगेच म्हणतील की ही आमच्या पुरणपोळीची बहीण. हरभऱ्याची डाळ किंवा पिवळा वाटाणा हळद घालून शिजवायचा. बोटाने चिरडावा इतका मऊ, पण गोळा होऊ द्यायचा नाही. मग पाणी निथळून डाळ कोरडी वाटायची, त्यात मीठ आणि भाजलेल्या जिऱ्याची पूड. मैद्याच्या उंड्यात ती भरायची, पातळ लाटायची आणि तव्यावर तेलाचा हात लावून भाजायची. आपण डाळीचे वरचे पाणी काढून कटाची आमटी करतो. तिथे ते पाणी टाकत नाहीत, आमटीही करीत नाहीत. त्याच पाण्यात पीठ मळतात. म्हणून पोळी पिवळसर होते, मऊ राहते आणि डाळीचा कस पिठात उतरतो. शिध्यातले काही वाया जाऊ द्यायचे नाही, हा नियम दोन्ही स्वयंपाकघरांचा; वाट मात्र आपापली. पुरीत दोन-तीन वस्तू घालून गुंडाळतात : मोठ्या पांढऱ्या घेवड्याचे कालवण, टोमॅटोचे रुगाय, कोथिंबीर-मिरचीची 'सातिनी', म्हणजे आपली चटणी. लग्नाकार्यात हीच पुरी खिरीबरोबर वाढतात.

रुगाय म्हणजे टोमॅटो, कांदा, लसूण, आले आणि मिरची यांचे दाट कालवण. टोमॅटोला तिथे 'पॉम दामूर', म्हणजे प्रीतीचे सफरचंद, असे जुने फ्रेंच नाव आहे. रुगायमध्ये थाइम ही फ्रेंचांची वनस्पती पडते आणि वरून कोथिंबीरही पडते. त्यात खारी मासळी घातली, की शिध्यातल्या सगळ्यात रुक्ष जिनसाला मेजवानीची चव येते. 'विंदाय' नावाचा मासळीचा प्रकार आहे. मोहरी, हळद, लसूण, मिरची आणि सिरका यांत तळलेली मासळी मुरवून ठेवायची. गोव्याचे विंदालू आपल्या परिचयाचे आहे. पोर्तुगीज विंदालू आणि फ्रेंच विंदाय या दोन्ही नावांत मुळात द्राक्षाची दारू आणि लसूण आहेत. दारूची जागा सिरक्याने घेतली आणि हळद-मोहरी हिंदी माणसांनी घातली. 'गातो पिमाँ', शब्दशः मिरचीचा केक, हा वस्तुतः तमिळ डाळवडा आहे. सकाळी कामावर जाणारी माणसे तो फ्रेंच पद्धतीच्या पावात लोणी लावून खातात. आपल्या वडापावची चुलतबहीणच म्हणा ना! आणि त्याच गल्लीत चिनी माणसाच्या परतलेल्या शेवया, मुसलमान घरची देगेतली बिर्याणी, आणि तमिळ लग्नातल्या केळीच्या पानावरच्या 'सेत कारी', म्हणजे भोपळा, कच्चे केळे, फणस अशा सात भाज्या. मालकांनी ही माणसे वेगवेगळ्या देशांतून आणली ती एकजूट होऊ नये म्हणून सोयीची पडली. भांड्यात मात्र ती कधीच एक झाली होती.

तक्रारीसाठी एक व्हायला अधिक काळ लागला. १९०१ मध्ये गांधीजी आफ्रिकेहून परतताना तीनएक आठवडे बेटावर राहिले आणि मुलांना शिकवा, राजकारणात लक्ष घाला, असे सांगून गेले. १९०७ मध्ये मणिलाल डॉक्टर हे वकील तिथे गेले आणि मजुरांचे खटले चालवू लागले. १९३६ मध्ये डॉ. मोरिस क्युरे यांनी मजूर पक्ष स्थापन केला. ऑगस्ट १९३७ मध्ये कारखानदारांनी 'उबा' जातीच्या उसाचा भाव पंधरा टक्के उतरवला, तेव्हा लहान शेतकरी आणि मळ्यातले मजूर एकत्र उठले. युनियन फ्लाक येथे मळ्याच्या माणसांनी गोळ्या झाडल्या आणि चार जण ठार झाले. त्या मळ्याचे मालक हिंदी वंशाचेच होते, ही गोष्ट ध्यानात ठेवण्याजोगी आहे. रक्ताचे नाते मजुराला वाचवीत नाही. वाचवते ती संघटना. त्यानंतर १९३८ मध्ये संघटनांना कायद्याची मान्यता मिळाली. त्याच वर्षी गोदी कामगारांनी संप केला आणि एमान्युएल आँकेतिल या पुढाऱ्याला रॉड्रिग्ज बेटावर हद्दपार करण्यात आले.

मग युद्ध आले. १९४२ मध्ये ब्रह्मदेश जपानच्या हाती गेला आणि तिथला तांदूळ बंद झाला. शंभर वर्षे साखर पिकवून धान्य विकत घेणारे बेट उपाशी पडण्याच्या बेतात आले. सरकारला सक्तीने उसाच्या जमिनीत अन्नधान्य लावायला लावावे लागले आणि गुलामांचे ते जुने मॅनिऑक, मका, रताळी पुन्हा सगळ्यांच्या ताटात आली. टंचाई आणि महागाई यांनी गांजलेले मजूर वाढीव मजुरी मागत असता २७ सप्टेंबर १९४३ रोजी बेल व्ह्यू हारेल येथे पोलिसांनी गोळीबार केला. चार जण मेले. त्यांत अंजलाय कुपेन ही गरोदर बाई होती. आज तिच्या नावाने तिथे क्रीडांगण आहे. दिवसा मळ्यात आणि पहाटे-रात्री चुलीपाशी अशी दुहेरी पाळी करणाऱ्या हजारो बायांपैकी इतिहासात नावानिशी उरलेली ती एक. जिच्या हातच्या वाटणाने बेटाला चव दिली, तिचे नाव नोंदवायला गोळी लागावी लागली.

शिधा हा शब्द त्या बेटावर अजून जिवंत आहे. सरकारी दराने मिळणाऱ्या स्वस्त तांदळाला तिथे 'दिरी रास्यों' म्हणतात, म्हणजे आपला रेशनचा तांदूळ. बेट आजही आपल्या अन्नापैकी सुमारे तीन-चतुर्थांश बाहेरून आणते. आता साखरेच्या जोडीला कापडाचे कारखाने आणि समुद्रकाठची बडी हॉटेले आली. त्या हॉटेलांत 'पारंपरिक बेटाचे जेवण' म्हणून दाल पुरी, विंदाय आणि रुगाय चांदीच्या भांड्यात मांडतात. ताडाच्या कोवळ्या गाभ्याची कोशिंबीरही मिळते. एक झाड तोडावे तेव्हा एक गाभा निघतो, म्हणून तिला 'लक्षाधीशाची कोशिंबीर' म्हणतात. खुशाल खावी. माझा रोष खाण्यावर नाही. पण त्याच बेटावर आज बांगलादेश, भारत, मादागास्कर इथून करारावर आलेले कामगार कारखान्यांच्या वसतिगृहांत राहतात आणि पाळी सुटल्यावर आपापल्या देशाची आमटी शिजवतात. शंभर वर्षांनी तीही कोणाची तरी 'परंपरा' होईल. त्यांच्या कराराचे कलम मात्र आज वाचले पाहिजे.

आणि इतक्या दूर तरी कशाला जायचे? आपला हा साखरेचा मुलूख आहे. दिवाळीच्या सुमारास बीड आणि आसपासच्या भागातून ऊसतोड कामगार इकडे येतात. नवरा-बायको मिळून एक कोयता, हंगामाआधी घेतलेली उचल आणि ती देणारा मुकादम. मॉरिशसच्या मळ्यात त्या मुकादमाला 'सरदार' म्हणत आणि उचलीला आगाऊ पगार म्हणत. फडाजवळच्या कोपीत बाई पहाटे तीनला उठते, तीन दगडांच्या चुलीवर भाकऱ्या थापते, फडक्यात बांधते आणि उजाडायच्या आत ऊस तोडायला उभी राहते. तिचे कालवण काय असते, पीठ कुठून येते, दुकानाची उधारी किती, आजारी पडल्यास काय कापले जाते, हे आपल्यापैकी कितीजणांना ठाऊक आहे? आपल्या चहात पडणारी साखर त्या कोपीवरून येते.

म्हणून माझे एक मागणे आहे. प्रवासाला जाल तेव्हा तिथला स्वयंपाक जरूर शिका. तो शिकण्यासारखा सोपा आणि आनंदाचा अभ्यास दुसरा नाही. शाळा न शिकलेल्या माणसालाही तो जमतो. पण कृती लिहून घेताना चार प्रश्नही लिहून घ्या : हे धान्य कोणी पिकवले, कोणी आणले, कोणी वाटले आणि त्याबद्दल त्याला काय मिळाले? हेच चार प्रश्न घेऊन येत्या हंगामात एकदा आपल्या गावाबाहेरच्या फडावर जा. तिथल्या बाईला दोन भाकऱ्या थापण्याइतका वेळ आणि पुरेसे दाम मिळतात की नाही, ते पाहा. आणि मिळत नसतील, तर तिच्या बाजूने बोला. मॉरिशसच्या आजा-आजींचे हिशेब आता इतिहासात जमा झाले. हा हिशेब अजून चालू आहे, आणि त्यात आपलेही खाते आहे.